बँकेची नोटीस आली, आता ‘स्टे’ मिळेल का?

मराठी पेपरच्या आतल्या पानांवर, चष्मा पुसूनही धड न दिसणाऱ्या अक्षरांत, जवळजवळ रोज एक मजकूर छापलेला असतो. वर ठळक ‘ताबा सूचना’, खाली कर्जदाराचं नाव, जामीनदारांची नावं, सदनिका क्रमांक, चतुःसीमा (पूर्वेस जिना, पश्चिमेस मोकळी जागा) आणि थकबाकीचा आकडा. आपण ते पान उलटतो. ओळखीचं नाव दिसलं तरच थांबतो आणि ‘अरेरे’ म्हणून पुढे जातो.

त्या मजकुरात शेवटी एक ओळ असते, ती कर्जदारानेही सहसा वाचलेली नसते. सुरक्षित मालमत्ता सोडवून घेण्यासाठी उपलब्ध असलेल्या मुदतीबाबत (कर्जवसुलीच्या सरफेसी कायद्यातल्या) कलम १३ च्या पोटकलम (८) कडे कर्जदाराचं लक्ष वेधण्यात येत आहे, अशा अर्थाची. ती ओळ बँकेने सौजन्य म्हणून छापलेली नाही. नियमांना जोडलेल्या नमुन्यातच ती आहे, त्यामुळे छापावीच लागते. कर्जदाराच्या हातात काय उरलंय आणि कधीपर्यंत, हे त्या सबंध जाहिरातीत तेवढ्या एका ओळीत सांगितलेलं असतं.

घरी नोटीस आली की पहिला प्रश्न ठरलेला: स्टे मिळेल का? मिळतो, कधी कधी मिळतो. पण तो मागायला जाणाऱ्या बहुतेकांच्या डोक्यात कोर्टाचं जे चित्र असतं, ते साफ चुकीचं असतं. आपली अडचण कोर्टासमोर मांडायची (धंदा बसला, घरात आजारपण आलं, गिऱ्हाइकाने पैसे बुडवले) आणि न्यायाधीश बँकेला सांगतील, जरा सबुरीनं घ्या. तसं होत नाही. कर्ज का फिटलं नाही, हा तिथे मुद्दाच नसतो. बँकेने वसुलीची पावलं कायद्यात सांगितली तशी आणि तितक्याच अंतराने टाकली का, एवढंच तपासलं जातं. पाऊल चुकलं असेल तर दिलासा आहे. नसेल तर वकील कितीही मोठा असला तरी फार उपयोग नाही.

हे असं का, ते समजायला थोडं मागे जावं लागेल. पूर्वी कर्ज थकलं की बँकेलाच दिवाणी कोर्टात दावा लावावा लागे आणि तो वर्षानुवर्षं चाले. मग १९९३ च्या कायद्याने कर्ज वसुली न्यायाधिकरणं आली. वकील, बँकवाले सगळे त्याला ‘डीआरटी’ म्हणतात, आपणही तेच म्हणू. त्यानेही वेग आला नाही, म्हणून २००२ मध्ये सरफेसी कायदा झाला आणि उलटी गंगा वाहायला लागली. तारण घेतलेली बँक आता कोर्टाची पायरी न चढता घराचा ताबा घेऊ शकते, लिलाव करू शकते. तक्रार असेल तर कोर्टात कर्जदाराने जायचं. कलम ३४ ने दिवाणी कोर्टाचं दारही बंद केलं. तालुक्याच्या कोर्टात मनाईहुकूम मागणारा दावा लावून वेळ काढायची जुनी युक्ती तिथेच संपली. अजूनही ती सुचवणारे भेटतात, आणि त्यात महिनाभर सहज वाया जातो.

मूळ कायद्यात तर डीआरटीत दाद मागायची असेल तर मागणीच्या ७५ टक्के रक्कम आधी भरा, अशी अट होती. ज्याच्याकडे पैसे नाहीत म्हणून घर चाललंय, त्यालाच पाऊण रक्कम भरून ये म्हणायचं! मार्डिया केमिकल्सच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ८ एप्रिल २००४ ला कायदा वैध ठरवला, पण ही अट रद्द केली. शिवाय कर्जदाराने घेतलेल्या हरकतींचा बँकेने विचार करावा आणि त्या मान्य नसतील तर कारणं कळवावीत, असंही सांगितलं. त्यातूनच त्या वर्षी कायद्यात कलम १३(३ए) आलं. सामान्य कर्जदाराला मिळालेला हा बहुधा सर्वांत मोठा न्यायालयीन दिलासा, आणि वापरला जातो सगळ्यात कमी.

आता हे कॅलेंडरवर मांडून पाहू. समजा, भोसरीत एकाचं लेथचं वर्कशॉप आहे. मोशीतला राहता फ्लॅट तारण ठेवून त्याने २८ लाखांचं कर्ज काढलं. हप्ता किंवा व्याज ९० दिवसांहून जास्त थकलं, खातं ‘एनपीए’, म्हणजे बँकेच्या लेखी थकीत, झालं. बँकेने ५ मे ही तारीख टाकून कलम १३(२) ची नोटीस काढली: ६० दिवसांत सगळी बाकी भरा. थकलेले हप्ते नाही, सगळी बाकी. पोस्टमन ९ मेला पाकीट देऊन गेला.

घरात बैठक बसते. मेहुणा म्हणतो, “दाजी, घाबरू नका, वकील ओळखीचा आहे, उद्याच स्टे आणतो.”

उद्या स्टे येणार नाही. या नोटिशीविरुद्ध डीआरटीत जाताच येत नाही. तिथलं दार बँकेने पुढचं पाऊल, म्हणजे ताबा घेण्याचं, टाकल्यावर उघडतं. मात्र हे ६० दिवस मोकळे नाहीत. ते ९ मेपासून नव्हे, नोटिशीच्या तारखेपासून मोजायचे, म्हणजे ४ जुलैला संपतात. या काळात करायचं काम एकच: उत्तर लिहायचं.

उत्तर म्हणजे विनवणीचं पत्र नाही. बँकेच्या आकड्यांवर प्रश्न विचारणारं पत्र. खात्याचा सुरुवातीपासूनचा उतारा मागा. व्याजाचा दर मंजुरीपत्रातल्या दराशी जुळतो का ते लिहा. खातं कोणत्या तारखेला एनपीए धरलं आणि ९० दिवस कुठून मोजले ते विचारा. दंडाच्या रकमेवर वेगळं बोट ठेवा. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये सांगितलंय की उशिराबद्दल दंड आकारता येईल, पण तो व्याजदरात मिसळायचा नाही आणि त्यावर पुन्हा व्याज लावायचं नाही. २०२४ पासून ते लागूही झालं. तुम्ही नोटिशीनंतर काही भरलं असेल तर त्याच्या पावत्या जोडा, आणि किती रक्कम कोणत्या तारखांना भरू शकता तेही लिहा. पत्र नोटिशीवर सही असलेल्या ‘प्राधिकृत अधिकाऱ्या’च्या नावाने पाहिजे, शाखेतल्या ओळखीच्या साहेबांच्या नावाने नको. शाखेत देऊन पोच घ्या, स्पीड पोस्टानेही पाठवा.

आपल्या वर्कशॉपवाल्याचं पत्र २२ मेला बँकेत पोहोचलं असेल तर १५ दिवसांत, म्हणजे ६ जूनपर्यंत, बँकेने कारणांसह उत्तर द्यायला हवं. नाही दिलं तर? हा प्रश्न गोव्यातल्या एका पंचतारांकित हॉटेलावरून सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. ब्लू कोस्ट हॉटेल्स या कंपनीचं ते हॉटेल लिलावात आयटीसीने घेतलं होतं. कर्जदार कंपनीचं म्हणणं, आमच्या हरकतींना उत्तरच मिळालं नाही. २०१८ मध्ये न्यायालयाने निकाल दिला की उत्तर देणं बंधनकारकच आहे. कर्जदाराला हायसं वाटावं असं हे वाक्य, पण ती कंपनी हरली. कारण मधल्या काळात तिने मुदतीवर मुदती मागितल्या होत्या, भरण्याची आश्वासनं दिली होती आणि पाळली नव्हती. अशा कर्जदाराला नंतर त्या चुकीचा फायदा उठवता येणार नाही, असं न्यायालयाने ठरवलं. मुद्दा कायद्याने तुमच्या बाजूचा असला तरी वागणूकही मोजली जाते. ‘पुढच्या महिन्यात नक्की’ अशी पाच पत्रं फायलीत असतील तर ती तुमच्याच विरुद्ध वाचून दाखवली जातात.

आणखी एक. नोटीस आल्यावर फ्लॅट घाईने मेहुण्याच्या नावावर करणं किंवा भाड्याने देऊन टाकणं, हे सल्ले याच बैठकीत मिळतात. नोटिशीनंतर बँकेच्या लेखी संमतीशिवाय तारण मालमत्ता विकता किंवा भाड्याने देता येत नाही. कायद्याचा भंग केल्यास एक वर्षापर्यंत शिक्षेची तरतूद आहे.

पुढे २० जुलैला बँकेची दोन माणसं येतात, दाराला कागद चिकटवतात, मोबाइलवर फोटो काढतात आणि जातात. घरात माणसं राहतायत ती राहतातच. याला सांकेतिक ताबा म्हणतात. ‘काही झालं नाही, नुसता कागद लावून गेले’ असं म्हणून हा कागद सोडून देणारे खूप. खरं तर इथेच घड्याळ सुरू होतं. ताब्याचं पाऊल टाकल्यापासून ४५ दिवसांत कलम १७ खाली डीआरटीत अर्ज करायचा. आपल्या हिशेबात ३ सप्टेंबर. पेपरातली ती बारीक अक्षरांतली सूचनाही याच वेळी छापली जाते. ताब्यापासून ७ दिवसांच्या आत, दोन वर्तमानपत्रांत, त्यातलं एक स्थानिक भाषेतलं. इंग्रजीत दोनदा छापून चालत नाही.

महाराष्ट्रात मुंबई, पुणे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे डीआरटी आहेत. मोशीचा फ्लॅट म्हणजे पुणे. बँकेला स्वतः डीआरटीत वसुलीचा दावा लावायचा तर थकबाकी किमान २० लाख लागते. कर्जदाराच्या या अर्जाला तशी किमान रक्कम नाही. अर्जात काय बघतात? ६० दिवस पूर्ण होऊ दिले का. हरकतीचं उत्तर दिलं का. नोटीस सगळ्या सहकर्जदारांना आणि जामीनदारांना योग्य पत्त्यावर मिळाली का. मागणीचा आकडा खात्याशी जुळतो का. मुळात हा कायदा या कर्जाला लागतो का, कारण एक लाखापर्यंतच्या कर्जाचं तारण, शेतजमीन, आणि मुद्दल-व्याजाच्या २० टक्क्यांहून कमी राहिलेली बाकी, हे सगळं सरफेसीच्या बाहेर आहे. गृहवित्त कंपन्या सोडून इतर फायनान्स कंपन्यांना तर हा कायदा २० लाख किंवा त्याहून मोठ्या कर्जांसाठीच वापरता येतो, तोही ठरावीक आकाराच्या कंपन्यांना.

शेतजमिनीचं मात्र सातबाऱ्यावर सगळं ठरतं असं समजू नका. त्याच गोव्याच्या प्रकरणात हॉटेलच्या आवारातली काही जमीन कागदोपत्री शेतीची होती, तरी सूट मिळाली नाही. त्याच वर्षी एका दुसऱ्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की महसुली नोंद हा शेवटचा शब्द नाही, जमीन प्रत्यक्षात कशासाठी वापरली जाते ते पाहायचं. सातबाऱ्यावर ऊस आणि जागेवर मंगल कार्यालय असेल तर ऊस वाचवणार नाही.

अंतरिम स्थगिती, म्हणजे आपला तो स्टे, याच अर्जात मागायची. आणि इथे एक गोष्ट कायद्याच्या पुस्तकात दिसत नाही ती सांगतो. पहिल्या तारखेला पीठासीन अधिकारी बहुतेक वेळा विचारतात, किती भरताय? ७५ टक्क्यांची सक्ती गेली, पण स्थगिती सहसा काही रक्कम भरण्याच्या अटीवर मिळते, आणि अट पाळली नाही तर ती आपोआप संपते. म्हणून अर्जासोबत भरण्याची तयारी ठेवणाऱ्याचं ऐकलं जातं. निव्वळ कायद्याचे मुद्दे घेऊन रिकाम्या हाताने गेलेल्याला त्या मुद्द्यांत खरंच दम लागतो.

बँकेची चूक सिद्ध झाली तर डीआरटी ताबा परत द्यायला लावू शकते, भरपाई आणि खर्चही देऊ शकते. पण कर्ज तिथंच राहतं. नोटीस सदोष म्हणून रद्द झाली की बँक दुसरी, निर्दोष नोटीस काढते. म्हणजे जिंकलात तर मिळाला तो वेळ. त्या वेळात तुम्ही काय करता यावर घर राहणार की जाणार ते ठरतं. मी तरी ‘केस जिंकली’ म्हणून पेढे वाटलेल्या कर्जदाराला वर्षभराने पुन्हा तीच फाइल उघडताना पाहिलंय.

हरलात तर अपील मुंबईतल्या अपिली न्यायाधिकरणात, ३० दिवसांत. तिथे मात्र देण्याच्या ५० टक्के रक्कम आधी भरावी लागते. ती कमी करून मिळते, पण २५ टक्क्यांच्या खाली नाही. २८ लाखांचे २५ टक्के म्हणजे ७ लाख. म्हणून खरी लढाई पहिल्याच पायरीवर लढायची असते.

सरळ हायकोर्टात का जाऊ नये? मुंबईला जाऊन रिट लावू, हा सल्लाही बैठकीत मिळालेला असतोच. सत्यवती टंडन प्रकरणात २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयांना बजावलं की डीआरटीचा मार्ग असताना अशा याचिका घेऊ नका. त्यानंतरही हेच पुन्हा पुन्हा सांगावं लागलंय. अपवादात्मक परिस्थितीत हायकोर्ट हात घालतं, पण त्या आशेवर ४५ दिवस घालवू नयेत.

प्रत्यक्ष ताब्यासाठी बँक जिल्हाधिकाऱ्यांकडे किंवा मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करते. मग एक दिवस तहसील कार्यालयाची माणसं पोलिसांसह दारात येतात. लोक तेव्हा जिल्हाधिकारी कचेरीत निवेदन घेऊन धावतात, सोबत एखादा नगरसेवकही असतो. उपयोग नसतो. मुंबई उच्च न्यायालयातून वर गेलेल्या बाळकृष्ण तारले विरुद्ध फिनिक्स एआरसी या प्रकरणात २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की कलम १४ खाली अधिकाऱ्याने कागद पूर्ण आहेत का एवढंच पाहायचं, वादाचा निवाडा करायचा नाही. घरात भाडेकरू असेल तर त्याची गोष्ट वेगळी. गहाण ठेवण्याआधीचा, कागदोपत्री सिद्ध होणारा भाडेकरार असेल तर तो स्वतः डीआरटीत जाऊ शकतो. नोटिशीनंतर जुनी तारीख टाकून केलेले करार न्यायालयांनी इतके पाहिलेत की त्यांना फसवणं अवघड आहे.

आता ताबा सूचनेतल्या त्या १३(८) च्या ओळीकडे. आपल्याकडे गहाणाबद्दल जुनी समजूत अशी की पैसे आणून टाकले की वस्तू सोडवता येते, विक्री पक्की होईपर्यंत केव्हाही. सरफेसीतही आधी साधारण असंच होतं. २०१६ च्या दुरुस्तीने ते बदललं. आता लिलावाची जाहिरात प्रसिद्ध होण्यापूर्वी सगळी बाकी आणि खर्च भरलात तरच मालमत्ता हक्काने सोडवता येते. बाफना मोटर्सच्या प्रकरणात हे फार कडक दिसलं. लिलावात सेलीर नावाच्या खरेदीदाराची सुमारे १०५ कोटींची बोली लागली. त्यानंतर कर्जदार १२९ कोटी भरायला तयार झाला. बँक तयार, मुंबई उच्च न्यायालयानेही परवानगी दिली. म्हटलं तर कोणाचं काय बिघडलं? बँकेला २४ कोटी जास्तच मिळत होते. सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२३ मध्ये ते फिरवलं. जाहिरात निघाली तेव्हाच हक्क संपला, बोली जिंकणाऱ्यालाही कायद्याचा भरवसा हवा.

मला हा निकाल कठोर वाटतो. कोट्यवधींच्या कंपनीला लागलेली फूटपट्टी मोशीच्या दोन खोल्यांनाही तशीच लागते, आणि दोन खोल्यांचा मालक नातेवाइकांकडून पैसे जमवतो तो लिलावाची तारीख पेपरात पाहिल्यावरच. पण कायदा आज असा आहे. म्हणून गावाकडची जमीन विकून पैसे येणार असतील, तर ते जाहिरातीच्या आधी यायला हवेत. जाहिरात निघाल्यावर बँक तडजोडीला बसेलही, तो मग तिच्या मर्जीचा भाग.

लिलावातल्या चुका मात्र अजूनही पकडता येतात, आणि दिलासा मिळालेली बरीच प्रकरणं इथलीच असतात. मान्यताप्राप्त मूल्यांकनकाराकडून किंमत ठरवली का, राखीव किंमत त्या भागाच्या भावाशी काही मेळ खाते का, विक्रीच्या आधी कर्जदाराला ३० दिवसांची नोटीस दिली का. पहिला लिलाव फसला तर पुढच्या वेळी १५ दिवसांची पुरते. बोली जिंकणाऱ्याने २५ टक्के त्याच दिवशी किंवा दुसऱ्या कामकाजाच्या दिवशी आणि उरलेले १५ दिवसांत भरले का (दोन्ही बाजूंच्या लेखी संमतीने ही मुदत वाढते, तीही तीन महिन्यांच्या आत). तारखांचा हा हिशेब वकिलाच्या आधी तुम्हीच वहीत मांडून ठेवलात तर त्याचं निम्मं काम होतं.

एकरकमी परतफेड, म्हणजे ओटीएस, हा हक्क आहे असं समजून कोर्टात जाणारे खूप. शेजाऱ्याला बँकेने निम्म्यात सोडलं, मला का नाही? बिजनौर अर्बन को-ऑपरेटिव्ह बँकेच्या खटल्यात डिसेंबर २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की ओटीएस द्यायला कोर्ट बँकेला भाग पाडू शकत नाही, तो बँकेचा व्यापारी निर्णय. तेव्हा तडजोड टेबलावरच करावी लागते. लोकअदालतीत केली तर बरं, कारण तिथल्या निवाड्यावर अपील नसतं आणि उद्या साहेब बदलले म्हणून शब्द फिरत नाही. कोविडच्या काळातही न्यायालयाने हीच सीमा पाळली. मार्च ते ऑगस्ट २०२० च्या हप्तेस्थगितीत व्याजावर व्याज लावू नका, असा निकाल २३ मार्च २०२१ ला दिला, पण मूळ व्याज माफ करायला साफ नकार दिला.

महाराष्ट्रात निम्मी दुनिया सहकारी बँका आणि पतसंस्थांच्या दारात असते, त्यांचं थोडं वेगळं. सहकारी बँकांना सरफेसी वापरता येतो का, हा वाद बरीच वर्षं चालला. तो मिटवणारा निकाल आपल्याच कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या विश्वासराव पाटील सहकारी बँकेच्या प्रकरणात, मे २०२० मध्ये, पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने दिला. वापरता येतो. पतसंस्था ही बँक नव्हे. तिथे ‘१०१ चा दाखला’ येतो, सहकार कायद्याच्या कलम १०१ खाली निबंधकांनी दिलेला वसुली दाखला. मग संस्थेचा विशेष वसुली अधिकारी जप्तीला येतो. दाखल्याविरुद्ध कलम १५४ खाली फेरतपासणी मागता येते, पण वसुलीच्या ५० टक्के रक्कम भरून. म्हणून निबंधकांची पहिली नोटीस आली की त्या सुनावणीला हजर राहायचंच. तिथे गैरहजर राहून नंतर निम्मी रक्कम जमवत फिरणं महागात पडतं. आणि तुम्ही मित्रासाठी जामीनदार म्हणून सही केली असेल तर ‘आधी त्याच्याकडून घ्या’ म्हणता येत नाही. जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच, पहिल्या दिवसापासून.

तारण नसलेलं कर्ज (पर्सनल लोन, क्रेडिट कार्ड) असेल तर सरफेसी नाही. दावा, हुकूमनामा, मग जप्ती. फोनवरचा माणूस अटकेची धमकी देतो ती बहुतांशी हवा. निव्वळ गरिबीमुळे कर्ज फेडता आलं नाही म्हणून कोणाला दिवाणी तुरुंगात टाकता येणार नाही, हे न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी जॉली जॉर्ज वर्गीस प्रकरणात १९८० मध्येच सांगून ठेवलंय. ऐपत असून पैसे लपवणाऱ्याला हे संरक्षण नाही. चेक किंवा ऑटो-डेबिट परत गेला असेल तर तो फौजदारी मामला वेगळा. त्यात नोटीस मिळाल्यावर १५ दिवसांत रक्कम भरली तर खटला उभा राहत नाही.

जप्तीलाही हद्द आहे आणि ती दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ६० मध्ये आहे. पगारातले पहिले १,००० रुपये आणि उरलेल्याचा दोन तृतीयांश सुरक्षित. ३१,००० पगार असेल तर ढोबळ हिशेबाने १०,००० पर्यंतच कापता येतात. भविष्य निर्वाह निधीला हात लावता येत नाही. कारागिराची हत्यारं, शेतकऱ्याची अवजारं, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, आणि धर्माच्या चालीप्रमाणे स्त्रीने अंगावरून उतरवू नयेत असे दागिने, हेही सुटतात. १९०८ सालच्या कायद्यात मंगळसूत्राची अशी सोय करून ठेवलीय.

वसुली एजंटांनी सकाळी ८ च्या आधी आणि संध्याकाळी ७ नंतर फोन करायचा नाही, हा रिझर्व्ह बँकेचा नियम. वसुलीसाठी गुंड पाठवू नका, असं सर्वोच्च न्यायालयाने आयसीआयसीआय बँक विरुद्ध प्रकाश कौर प्रकरणात २००७ मध्येच सुनावलं होतं. रात्रीचे फोन येत असतील तर आरडाओरडा करण्याऐवजी वेळ दिसेल असा स्क्रीनशॉट ठेवा, बँकेच्या तक्रार कक्षाला लिहा, ३० दिवसांत समाधान झालं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जा. वकील लागत नाही, पैसेही लागत नाहीत.

धंदेवाल्यांसाठी दोन निकाल माहीत असावेत. खातं ‘फ्रॉड’ ठरवण्याआधी कर्जदाराला बाजू मांडू दिली पाहिजे, हा स्टेट बँक विरुद्ध राजेश अगरवाल, मार्च २०२३. ‘विलफुल डिफॉल्टर’, म्हणजे जाणूनबुजून कर्ज थकवणारा, ठरवताना बँकेच्या समितीपुढे वकील नेण्याचा हक्क नाही, पण आदेशाची प्रत आणि त्यावर वरच्या समितीकडे म्हणणं मांडायची संधी मिळालीच पाहिजे, हा जाह डेव्हलपर्स, मे २०१९. हे शिक्के बसले की पुढे कुठलीच बँक उभं करत नाही, त्यामुळे तिथली नोटीस घराच्या नोटिशीइतकीच गंभीर.

शेवटी लिलाव झालाच, तर त्यानंतरचाही एक हिशेब असतो. मोशीचा फ्लॅट ४५ लाखांना गेला आणि बाकी, व्याज, खर्च मिळून ३३ लाख झाले, तर उरलेले १२ लाख बँकेचे नाहीत. कलम १३(७) प्रमाणे ते हक्कदाराला परत द्यायचे असतात. विक्रीचा पूर्ण हिशेब लेखी मागा. कमी पडले तर उरलेल्यासाठी बँक दावा लावू शकते, तेही याच हिशेबातून कळतं. आणि लिलावाआधीच सगळं फेडून खातं बंद केलं असेल, तर मूळ कागदपत्रं ३० दिवसांत हातात पडली पाहिजेत. बँकेच्या चुकीमुळे त्यापुढे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे. खातं बंद केल्याच्या पत्रावरची तारीख त्यासाठी जपून ठेवायची.